शेरा त्या कामापुरता

ॲड. दयारामजी लांजेवार साहेबांना मी पहिल्यांदा पाहिले ते निकालपत्रात डोके खुपसून बसलेले. साकोलीला त्यांच्याकडे ज्युनिअर म्हणून रुजू व्हायला मी गेले होते. मान वर न करता त्यांनी एक निकाल पुढे सरकवला. "वाचा आन सांगा, न्यायाधीशाले इचारलं काय होतं?" मी निकाल काय लागला ते धडाधडा सांगितले. साहेब हसले. "ते तं शेवटच्या पानावर आहे. मी प्रश्न इचारला." पंचाहत्तरीतही त्यांची ही खोड कायम आहे.

त्या खोडीची किंमत मला एकोडीच्या शेवंताबाईंच्या दाव्यात कळली. नवरा गेल्यावर त्यांच्याजवळ धानाची एक बांधी, म्हणजे भाताचे एक खाचर, तेवढी उरली होती. दीर म्हणे, भावाने ती तोंडी मला दिली, वाहतोही मीच. बाईंनी दिवाणी दावा लावला होता. तो चालू असतानाच दिराने उभे धान कापून नेले, म्हणून त्यांनी फौजदारीही केली. त्यात दीर निर्दोष सुटला आणि निकालात एक ओळ आली : फिर्यादी बाईचा शेतावर ताबा दिसत नाही. दिराने त्या ओळीच्या झेरॉक्स गावभर वाटल्या आणि नक्कल आमच्या दाव्यातही दाखल केली.

मी घाबरले. कोर्टानेच लिहिले म्हटल्यावर काय! "दाव्याचा निकाल लागेपर्यंत शेतात पाय ठेवू नका," असे मी बाईंना सांगून टाकले. रोवणी, म्हणजे भाताची लावणी, तोंडावर होती, रोपांचे परे तयार होते. बाई रडत साहेबांकडे आल्या. साहेब पक्षकारांसमोरच माझ्यावर कडाडले, "वकिली तुमच्या बसची नाही, सोडून द्या!" मला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरे, असे झाले.

मग बाईंकडे वळून ते म्हणाले, "त्या कामात इचारलं होतं, दिरानं गुन्हा केला का. शेत कोनाचं, हे कोनी इचारलंच नाही. मनाई हुकूम आहे का? नाही. मंग काहून घरी बसता? शेऱ्यानं शेत जात नाही बाई, रोवणी सोडली तं जाते."

बाईंनी रोवणी लावली. साहेबांना मात्र वेगळेच कुतूहल. ती ओळ आली कुठून? त्यांनी फौजदारीचे सगळे कागद मागवले. ताब्याबद्दल साक्षीला एकटा पोलीस शिपाई, तोही गावचा नव्हता. रोवणाऱ्या बायांना कुणी विचारलेच नव्हते. साहेब थेट शेताच्या बांधावर, धुऱ्यावर जाऊन बसले. कोण बोलावतो, शिदोरी कोण आणतो, असे विचारता विचारता एक गोष्ट निघाली. या बाया रोवणी संपली की मालकाला चिखल लावल्याशिवाय घरी जात नाहीत.

साक्षीच्या दिवशी साहेबांनी फाईल माझ्या हातात दिली. मी म्हटले, "तुम्हीच तर वकिली सोडा म्हणाला होतात." साहेब चष्मा पुसत म्हणाले, "तो शेरा त्या दिवसापुरता होता. आजच्या कामात त्याले काही किंमत नाही. जा, इचारा." माझे डोळे भरून आले होते, तरी मी उठले.

"इतकी वर्षं चिखल कुणाला लावला?" मी विचारले.

सत्तरीची रोवणारीण माझ्याकडे बघतच राहिली. "शेवंतीलेच तं लावतो. आनखी कोनाले लावाव? दीर तं कधी बांधीत दिसलाच नाही."

दावा बाईंच्या बाजूने लागला. फौजदारी निकालातील अभिप्राय त्या प्रकरणापुरता, असे न्यायाधीशांनी स्वच्छ लिहिले. साहेबांनी ती ओळ मला तीनदा वाचायला लावली आणि तिसऱ्यांदा विचारले, "आता सांगा, प्रश्न काय होता?"

निकालानंतरच्या रोवणीला आम्ही दोघे एकोडीला गेलो. बायांनी शेवंताबाईंना चिखलाने माखले. मग त्याच हातांनी बाई साहेबांकडे निघाल्या. साहेब धोतर सावरत मागे सरले. "मले नका लावू बाई! उद्या माझाच ताबा निघन!"

साहेबांना निरामय शंभरी लाभो. दर रोवणीला ते त्या धुऱ्यावर असेच मागे सरोत आणि चिखलाचा हात घेऊन शेवंताबाई त्यांच्यामागे धावत राहोत.