गोळी रिकाम्या पोटी नाही

माझं तोंड फाटकं आहे, मला माहीत आहे. वाणगावच्या बाजारात भाजीवाल्या मला बघूनच भाव उतरवतात. त्यामुळे डहाणूच्या डॉक्टरने बाबाला "दारू पिता का?" असं विचारलं, तेव्हा उत्तर मीच दिलं.

"दारू? आमच्या घरात दारूला कुणी शिवत नाही! गावाकडचा माणूस दिसला की बेवडाच वाटतो काय तुम्हाला?"

डॉक्टर घाटावरचा, नवा. त्याने कागदावर 'नाही' लिहिलं. बाबाने मान डोलावली. खोटं नव्हतंच ते. आई गेली त्या वर्षी त्याने मोहाची दारू सोडली ती सोडलीच. बीपी मात्र भयंकर वाढलेलं होतं. डॉक्टरने गोळी लिहून दिली. रोज सकाळी एक, रिकाम्या पोटी नाही, आणि चक्कर आली तर लगेच कळवा.

बाबा तलासरीच्या पुढे, डोंगराकडच्या गावात माझ्या भावाजवळ राहतो. पासष्टी उलटली तरी ताडावर चढतो. झाडाला बांधलेल्या बांबूवर पाय देत वर जायचं आणि रात्रभर भरलेली ताडीची मडकी उतरवायची, पोरवयापासून हेच.

पंधरा दिवसांत भावाचा फोन आला. "तुझ्या डॉक्टरने धडधाकट माणूस आजारी केला. बसलेला उठला की बाबाच्या डोळ्यांपुढे अंधारी येते. फेकून देतो त्या गोळ्या."

"फेकून तर बघ! आईच्या बीपीच्या गोळ्या पण तूच बंद केल्या होत्यास. लकव्याने गेली ती. बाबाच्या गोळीला हात लावलास तर मेलास तरी तुझं तोंड बघणार नाही!"

डॉक्टरला कळवायला हवं होतं. पण ज्याला एवढं फाडफाड बोलून आले, त्याच्याकडे पुन्हा कुठल्या तोंडाने जाणार? त्यापेक्षा मी रोज सकाळी बाबालाच फोन लावायला लागले.

"घेतलीस गोळी?"

"घेतो ना, बाय."

"आता घे. मला ऐकू येऊ दे."

घोट घेतल्याचा आवाज यायचा. चक्कर येते का विचारलं की, "काय नाय." मी खूश. भाऊ खोटारडा, हे पक्कं झालं.

महिन्याभराने एका शनिवारी मी मुक्कामाला गेले. रविवारी सकाळी बघते तर बाबा एका झाडाची ताडी उतरवून ओट्यावर बसलेला. त्याने गोळी जिभेवर ठेवली, मडक्यातली ताडी पेल्यात ओतली आणि गटागट प्यायला.

"ताडीबरोबर गोळी?"

"रिकाम्या पोटी नको बोलला ना तुझा डॉक्टर? सकाळी माझ्या पोटात दुसरं काय असतं?"

'दारू पिता का?' हा डॉक्टरचा प्रश्न आठवला. आमच्याकडे ताडीला दारू कोण म्हणतो? लहानपणी ऊन लागलं की मलाही पाजायचे. डॉक्टरने ताडीचं विचारलं असतं तर चहाचं सांगावं तसं सहज 'हो' म्हणाले असते. पण तो पुढे काही विचारेल, अशी सोय मी ठेवलीच नव्हती.

बाबा उठला आणि खांबाला धरून, डोळे मिटून उभा राहिला. बराच वेळ.

"रोज असाच," भाऊ म्हणाला. "त्या फोननंतर तुला सांगू देत नाही. म्हणतो, ती भांडते."

तेवढ्यात बाबा दुसऱ्या झाडाकडे गेला होता. मी पोचेपर्यंत दोन पुरुष उंचीवर चढलेला. ओरडायला तोंड उघडलं आणि दिसलं, तो थांबला होता. खोडाला दोन्ही हातांनी मिठी, कपाळ खोडावर टेकलेलं, पाय लटपटत होते. माझा आवाज ऐकून त्याने खाली बघितलं असतं तर संपलंच होतं. जन्मात पहिल्यांदा मी जीभ दाताखाली धरली. भाऊ वर चढला. बाबाचा एकेक पाय धरून बांबूवर टेकवत त्याने त्याला खाली आणला.

डॉक्टरला फोन केला, सगळं सांगितलं. त्याने झाडलं मला, चांगलंच झाडलं, आणि मी ऐकून घेतलं. ताडीने गोळीचा जोर वाढतो, बीपी एकदम खाली जातं; ताडी बंद, झाडावर चढणं बंद, गोळी मात्र मनाने बंद करायची नाही, उद्या सकाळी घेऊन या, म्हणाला.

बाबा झाडाखाली मातीत बसला होता. त्याला सगळं सांगितलं. "चूक माझी आहे," मी म्हणाले. "पीत नाही म्हणून मीच सांगितलं."

"मग? ताडी म्हणजे काय दारू आहे?" तो खेकसला. "आणि माझं झाड बंद करणारा तो कोण? हट, बाजूला हो."

माझा हात झटकून, जमिनीला रेटा देऊन तो उठायला गेला. अर्धा उठला, झोकांडी गेली, खाली बसला. परत उठायला गेला, परत बसला. माझ्याकडे बघितलं नाही. वर लटकलेल्या मडक्यांकडे बघत त्याने हात पुढे केला.

"उठव," म्हणाला.