नाग्या, सरक!

काय सांगायचं तुम्हाला! गाढवपणा सगळेच करतात. पण आपला गाढवपणा आठ फुटी फ्लेक्सवर छापून, वर हार घालून, भर मैदानात टांगणारा माणूस कधी बघितलाय? बघा मग. तुमच्या समोर बसलाय. चहा निवू देऊ नका.

मी फुटबॉलचा फोटोग्राफर. तेही म्हैसूरमध्ये! इथे दसऱ्याचे हत्ती टिपणारे शंभर, क्रिकेटवाले दोनशे, फुटबॉलवाला मी एकटा. इथल्या एका दैनिकासाठी तीस वर्षं गोलपोस्टच्या मागे मांडी घालून बसलो. माझ्या लग्नाच्या बोलणीत मुलीकडच्यांनी विचारलं, "मुलगा काय करतो?" वडील म्हणाले, "जाळीमागं बसतो." ते बिचारे उठून निघालेच होते.

आणि जाळीच्या पुढे उभा असायचा नागोजी, आमचा नाग्या. शाळेपासूनचा माझा मित्र आणि आमच्या टीमचा गोलकीपर. जाळीला एक भोक होतं, त्यातून मी लेन्स घालायचो, तर ह्याची ही भली मोठी पाठ बरोबर मध्ये! मग मी ओरडायचो, "नाग्या, सरक!" तो ढिम्म. एकेका मॅचला पन्नास वेळा ओरडायचो. वर मला म्हणायचा, "माझं काम गोल अडवायचं. तुझा फोटो अडतो तो फुकटात."

गेल्या महिन्यात नाग्या गेला. सकाळी पेपर वाचता वाचता.

तेराव्याच्या आधी त्याची मुलगी पल्लवी माझ्याकडे आली. "काका, बाबांचा जर्सीतला एक फोटो पाहिजे होता. मैदानावर सभा ठेवलीय नं? घरात खेळतानाचा एकपण नाही बघा."

मी छाती काढून म्हटलं, "एक? अगं, शंभर देतो!"

बिस्किटाच्या डब्यातून सगळ्या निगेटिव्ह बाहेर काढल्या. नाग्या भरपूर निघाला. सगळा पाठमोरा! उडी मारणारी पाठ, चिखलात लोळलेली पाठ, पेनल्टीच्या वेळची घाबरलेली पाठ. जर्सीवरचा एक नंबर कधी उसवला आणि वहिनींनी तो कधी टाचला, ते मी तुम्हाला सांगू शकतो. पण चेहरा? तोंडाला तोंड देत उभा जन्म काढला आणि माझ्याकडे त्याचं तोंडच नाही. डबा मांडीवर घेऊन रडलो. खोटं कशाला सांगू?

आणि शेवटच्या पट्टीत सापडला! पट्टीवर नाव नाही, तारीख नाही. नाग्या वळून थेट माझ्याकडे बघतोय. तोंडावर लख्ख ऊन, डोळे किलकिले, ओठांवर वैतागलेलं हसू. हा मी कधी काढला? आठवेना. त्याचं काय आहे, आमच्या जुन्या कॅमेऱ्यात बटण दाबलं की आतला आरसा वर जातो आणि क्षणभर काळोख होतो. म्हणजे जो क्षण फोटोत येतो, नेमका तेवढाच फोटोग्राफरला दिसत नाही. मी भिंगातून चेहरा तेवढा बघितला, डोळे पुसले आणि फ्लेक्सवाल्याला बजावलं, "पूर्ण घे बाबा. एक इंच कापू नकोस."

सभेला माझा काय थाट! जो येईल त्याला सांगतोय, "फोटो आपला बरं का." मग मला बोलायला उभं केलं. आणि मी उभा राहिलो की नेहमीचा किस्सा काढणारच. फायनलचा.

बेंगळुरूहून निवड करणारे आले होते. तिकडच्या टीममध्ये जागा म्हणजे नाग्याला सरकारी नोकरी. जवळजवळ ठरलेलंच. आणि शेवटच्या पाच मिनिटांत ह्याने सरळ हातात येणारा चेंडू सोडला! हातसुद्धा उचलला नाही. मॅच गेली, नोकरी गेली. नाग्या हूटगळ्ळीच्या एका कारखान्यात लागला तो रिटायर होईपर्यंत तिथेच. दुसऱ्या दिवशी पेपरात जिंकणाऱ्यांचा नाच छापून आला, माझाच फोटो. नाग्याचं 'गेट ओपन' हे नावही मीच पाडलं. कोणी विचारलं की तो एवढंच म्हणायचा, "डोळ्यात ऊन आलं." मी त्याला चारचौघांत पकडायचो, "लबाडा! ऊन तुझ्या पाठीमागं होतं. फोटोग्राफरला ऊन शिकवतोस?" तो हसायचा.

सभेतही लोक हसले. आमचा जुना कॅप्टन बसण्णा मात्र फ्लेक्सकडे बघत उठला. बसण्णा कन्नडिग, पण आमच्यात राहून मराठी बोलतो, आपल्या परीने.

"शंकर, ह्यात मागं डाव्या पायानं मारतोय तो कोण रे? पट्ट्याची जर्सी?"

मी वळलो. आठ फुटी फ्लेक्सवर कुणाला भिंग लागत नाही. नाग्याच्या मागे पट्ट्याच्या जर्सीवाला, पाय उचललेला. आणि नाग्याच्या खांद्याच्या वर चेंडू.

"अय्यो, हा तोच गोल, अल्वा, तोच ना? चेंडू येतोय, आणि नागू मागं वळून कुणाला बघतोय?"

फोटोतला माणूस कुणाकडे बघत असतो, हे कळायला कितीसा वेळ लागतो? एकेक मान माझ्याकडे वळली.

ऊन पाठीमागेच होतं हो. माझं बरोबरच होतं. मागे वळला तरच ते त्याच्या डोळ्यात येणार. आणि तो नुसता वळला नव्हता. एक पाऊल बाजूला झाला होता. मला फोटो मिळावा म्हणून.

मी मटकन खाली बसलो. वहिनी पाणी घेऊन आल्या. ज्यांचा नवरा गेला त्या मला पाणी देतायत!

"वहिनी, तुम्हाला ठाऊक होतं?"

"होतं की, भावजी."

"मग तो कधी बोलला का नाही? मी त्याला आयुष्यभर..."

"मी म्हणायचे, सांगा एकदा त्यांना. तर म्हणायचे, इरली बिडू, असू दे. शंकरला कळलं तर मॅचला यायचा बंद होईल. मग मागं बसून ओरडणार कोण?" त्यांनी पदराने तोंड पुसलं. "जन्मात एकदाच ऐकलं बघा तुमचं."

मला नाग्याची माफी मागायची होती. कुणाकडे मागू? तीस वर्षं तो माझ्यापासून दोन हातांवर उभा होता, तेव्हा सुचलं नाही.

शेवटी सगळे फ्लेक्सच्या पुढे उभे राहिले. पल्लवीने मोबाइल वर धरला.

"काका, थोडं सरका ना. बाबा झाकले जातायत."

सरकलो. पहिल्याच हाकेला.

तो फोटो आहे माझ्याकडे, हा बघा. सगळ्यांचे चेहरे आलेत. नाग्याचाही आलाय, हसतोय. आणि इकडे कडेला, मागे वळून त्याच्याकडे बघत उभी आहे ना, ती पाठ माझी.