आधी हसवून मग घाबरवणाऱ्या नलिनीताई

नलिनीताईंची आणि माझी पहिली भेट इथे परदेशात, टूनगॅबी उपनगरात एका मित्राच्या घरच्या गणपतीत झाली. जुन्या इंग्रजी भयकादंबऱ्या हा माझा हातखंडा विषय. मी चार जणांना त्यातला एक प्रसंग रंगवून सांगत होतो, तेवढ्यात ताई म्हणाल्या, "या कादंबऱ्यांवरचे सुरुवातीचे बोलपट पाहिलेत का? पार्श्वसंगीत जवळजवळ नाहीच. नुसती शांतता." झालं. चारही जणांच्या खुर्च्या त्यांच्याकडे वळल्या. तेव्हापासून माझ्या पोटात दुखतंय आणि त्यांच्या अमृतमहोत्सवी गौरवग्रंथातही ते लपवणं मला जमणार नाही.

पुढे ताईंनी शेजारच्या गिरावीनच्या हॉलमध्ये आमच्या मराठी मंडळातर्फे दर महिन्याला हे बोलपट दाखवायला सुरुवात केली. त्यांची एक पद्धत आहे. दोरीला लटकणारं रबरी वटवाघूळ, पुठ्ठ्याचा किल्ला, असं हसू येणारं सगळं त्या आधीच दाखवतात आणि सांगतात, "हसायचं ते आत्ता हसून घ्या." मग दिवे मालवले जातात, आणि त्या शांततेत कुणी चिवड्याची डिशसुद्धा हलवत नाही. माझी पत्नी अंजली माझ्या कादंबऱ्यांचं नाव काढलं की जांभई देते. इथे मात्र पहिल्या रांगेत. ताईंनंतर हे कार्यक्रम आपणच चालवणार, असं मी मनाशी धरून होतो.

यंदा ताईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि एका शनिवारचा कार्यक्रम त्यांनी आपण होऊन माझ्यावर सोपवला. आता दाखवतोच, म्हटलं. ते हसवणं-बिसवणं मी गाळलं. थोर साहित्याचा तो अपमान वाटायचा मला. मूळ कादंबरीवर अर्धा तास बोललो. ऐन भीतीच्या प्रसंगी वटवाघूळ दोरीवर डुलत आलं आणि अख्खा हॉल खो-खो हसला. सगळ्यांत मोठ्यांदा अंजली.

दुसऱ्या दिवशी ताईंचा फोन आला. "वटवाघळालाच हसले ना? अरे, मीही पहिल्यांदा तिथेच आपटले होते. नो वरीज." पुढच्या महिन्यात त्या वॉकर घेऊन आल्या, लोकांना हसवून घेतलं आणि कादंबरीबद्दल बोलायला मला उभं केलं. लोकांनी चक्क ऐकलं. परतताना गाडीत अंजली म्हणाली, "आज छान बोललास. ताईंनी हॉल तयार करून दिला होता ना." खरं होतं, म्हणून जास्तच झोंबलं.

सगळे ताईंना निरोगी दीर्घायुष्य चिंततील. मीही चिंततो, पण त्यात माझा स्वार्थ आहे. ताईंनंतर कोण, अशी कुजबुज मंडळात सुरू झाली आहे, आणि ब्लॅकटाउनच्या एका हुशार मुलीचं नाव निघतंय. तेव्हा ताई, फिजिओ चुकवू नका, गुडघा सांभाळा, खुशाल शंभरी गाठा. तुमचं काम मला जमत नाही. आणि दुसऱ्या कुणाला जमलेलं मला बघवणार नाही.