दोघांनी धरायची पट्टी

त्याला आम्ही मिलिमीटर म्हणायचो. इतका मोजून-मापून काम करणारा सुतार मी दुसरा पाहिला नाही. मी पॉलिशवाला. सुताराची चूक शेवटी माझ्या ब्रशखाली येते. त्याच्या कामात मला कधी काही लपवावं लागलं नाही.

गुडघा कामातून गेल्यापासून तो शिडी चढत नसे. खाली उभा राहून कापायचा. वर चढून माप घ्यायचं, खिळे ठोकायचे, हे त्याच्या मेहुण्याचं काम. म्हणजे बायकोच्या धाकट्या भावाचं. जोडी चांगली जमली होती.

मग एका घरी मेहुण्याने लाकडी पट्टीचा उघडा राहिलेला सांधा पुट्टीने भरला. मिलिमीटरने घरमालकासमोरच ती पट्टी उपटून खाली टाकली. "असलं काम माझ्याबरोबर राहून करायचं नाही," म्हणाला. मेहुण्याने हत्यारं गोळा केली आणि निघून गेला. त्यानंतर त्याने बहिणीच्या घरात पाऊल टाकलं नाही.

आला तो तिच्या स्वयंपाकघराचं काम निघालं तेव्हा. तिनेच बोलावलं. माझ्या कपाटांना पट्टी तुम्ही दोघांनीच लावायची, असं तिने दोघांना वेगवेगळं बजावलं होतं. एकमेकांशी बोला, एवढं सांगायचं राहून गेलं.

वरच्या कपाटांच्या माथ्यावरून, छताला भिडून जाणारी सागवानी पट्टी होती. काम चाललं ते असं.

"ताई, तुझ्या नवऱ्याला सांग, छत या बाजूला उतरलंय."

"तुझ्या भावाला सांग, छत मी नाही बांधलं."

मी खाली कपाटांच्या पल्ल्यांना पॉलिश मारत होतो. हसू आलं. तिने डोळे वटारले, तशी मी मान खाली घातली.

शेवटचा तुकडा राहिला, भिंतीपासून कोपऱ्यापर्यंतचा. पट्टीही एकच उरली होती. त्या घाटाची पट्टी काढणाऱ्याने तो घाट कोरायचं पातं केव्हाच भंगारात घातलं होतं, त्यामुळे दुसरी मिळणार नव्हती. ही वाया गेली असती, तर एकाने मापाला दोष दिला असता, दुसऱ्याने कापाला. मग मेहुणा त्या घरात परत आलाच नसता. हे तिलाही कळत होतं. हातातलं फडकं ती नुसतंच पिळत होती.

"बाराशे चाळीस," मेहुणा शिडीवरून बहिणीला म्हणाला.

"बाराशे चाळीस," तिने नवऱ्याला सांगितलं.

मिलिमीटरने रेघ मारली, करवत टेकवली आणि थांबला. कोपऱ्यावर पट्टी तिरकी कापतात. तिरक्या कापाचं बाहेरचं टोक लांब, आतलं आखूड. माप कुठल्या टोकाचं, ते कुणी बोललंच नव्हतं. चुकलं तर अंगठा जाईल एवढी फट.

करवत हलेना. कपाळावरचा घाम त्याने बाहीने पुसला.

"विचार त्याला. बाहेरचं की आतलं?"

"तुम्हाला तोंड आहे ना?"

"तू विचार."

"मी नाही. सकाळपासून निरोप पोचवून घसा बसला माझा. घालवायची तर घालवा पट्टी!" फडकं ओट्यावर आपटून ती बाहेर गेली.

आता दोघांनी माझ्याकडे पाहिलं.

"माझ्याकडे काय बघता?" मी म्हणालो. "मी फक्त लाकडाशी बोलतो."

मिलिमीटरने करवत खाली ठेवली.  पट्टी न कापताच उचलली आणि शिडीकडे नेली.

"धर."

मेहुण्याने कोपऱ्याकडची बाजू धरली. दुसरं टोक भिंतीला टेकवून धरायला कुणीतरी हवं होतं. मिलिमीटर ओट्याचा आधार घेत, दात आवळून, स्वतः स्टुलावर चढला.

"हलवू नका," मेहुणा म्हणाला.

"गुडघा हलतोय. खूण कर लवकर."

मेहुण्याने कानावरची पेन्सिल काढली, पण टेकवली नाही. "चारचौघांत उपटलीत पट्टी. बाजूला घेऊन शिव्या घातल्या असत्या, तर खाल्ल्या असत्या मी."

"खूण कर."

"आधी बोला."

स्टूल करकरलं. मी पुढे झालो. मिलिमीटरने मानेनेच मला थांबवलं.

"पट्टी काढायलाच हवी होती," तो म्हणाला. "पण तुला बाजूला घेऊन. तेवढं माझं चुकलं. आणि तुझी पुट्टी?"

"घाई केली. चुकलो."

"मग कर खूण. पडेन आता."

पेन्सिल फिरली. बाराशे चाळीस बरोबर होतं, पण आतल्या टोकाचं. मिलिमीटर बाहेरचं धरून कापणार होता. खाली उतरल्यावर त्याने ती जुनी रेघ खोडून काढली. नव्या खुणेवर सावकाश कापलं आणि पुन्हा स्टुलावर चढला. कोपऱ्याचा सांधा मिटला.

हातोडीचा आवाज ऐकून ती दारात आली. आत मात्र आली नाही.

"सोडू नका अजून, दाजी."

"तू ठोक आधी. बोलायला कुणी बोलावलंय तुला?"

"तुमच्या बायकोनं."