पडलास तरी कॅमेरा वर

"मनगटातलं हाड मोडून तीन महिने झालेत," लातूरच्या डॉक्टरांनी सीटी स्कॅन पडद्यावर लावत सांगितलं. "जुळलंच नाही. नॉन-युनियन आहे." म्हणजे मोडलेल्या हाडाचे तुकडे एकमेकांना धरतच नव्हते. मला भयंकर राग आला. कुणाचा, ते नंतर कळलं.

मी नांदेडच्या स्केटबोर्ड खेळणाऱ्या पोरापोरींवर फिल्म करतो. विष्णुपुरीकडे सिमेंटचा एक गुळगुळीत उतार आहे, तिथे आम्ही जमतो. शूटिंग करणाराही बोर्डवरच असतो, खेळणाऱ्याच्या मागोमाग, कॅमेरा जमिनीलगत धरून. आमचा शिरस्ताच आहे: पडलास तरी कॅमेरा वर. त्या दिवशी चाकाखाली खडा आला. मी डाव्या हाताने कॅमेरा छातीशी दाबला आणि सगळा भार उजव्या तळव्यावर घेतला. सगळ्यांनी विचारलं, "क्यामेरा ठीक हाय ना?" सगळ्यात आधी मीच विचारलं होतं.

त्याच दिवशी नांदेडला काढलेल्या एक्स-रेत काही दिसलं नाही. "दुखत राहिलं तर दोन आठवड्यांनी पुन्हा या," असं तिथल्या डॉक्टरांनी बजावलं होतं. मी गेलो नाही. अर्धी फिल्म बाकी होती, म्हणून पट्टी आवळून शूटिंग करत राहिलो.

तुम्ही हातावर पडलात तर एवढं कराच. अंगठा ताणला की त्याच्या बुडाशी खळगा पडतो, तो दाबून बघा. तिथे दुखलं तर स्कॅफॉइड मोडलेलं असू शकतं. हे मनगटातलं काजूएवढं हाड. त्याला रक्त कमी मिळतं, आणि त्याची मोड पहिल्या एक्स-रेत कधीकधी दिसतच नाही.

लातूरच्या ओपीडीत दोन दिवस नुसतं बसवून ठेवलं. शेजारचे काका म्हणाले, "गाडीवरून पडलाव का?" म्हटलं, फळीवरून.

ऑपरेशनमध्ये कमरेच्या हाडाचा तुकडा मनगटात बसवला, वर स्क्रू. "हात पहिल्यासारखा वळेल का?" मी विचारलं. डॉक्टर म्हणाले, "प्लास्टर निघाल्यावर बोलू." ह्या 'बोलू'चा मला उबग आला होता. कॅमेरा धरता येत नसेल तर मी करू काय? लातूरला दुकान चालवणारे आमचे अप्पा तर खूशच होते. "आता तरी बसशील गल्ल्यावर," म्हणाले.

कॅमेरा मी शिफाकडे सोपवला होता. आमच्यातली सगळ्यात चपळ पोरगी. ऑपरेशननंतर पाचव्या आठवड्यात ती नांदेडहून लातूरला आमच्या घरी आली आणि पिशवीतून कॅमेरा काढून समोर ठेवला. लेन्सचा पार चुरा झाला होता.

"दादा, पडले मी. दोन्ही हात टेकायला क्यामेरा सोडून देल्ला," ती खाली बघत म्हणाली.

शिव्या अगदी ओठांवर आल्या. माझी फिल्म तिथेच संपली होती. पण प्लास्टरमधला हात ठणकत होता आणि पडलो तेव्हा तो कुणी दाबून पाहिला नव्हता, मी स्वतःसुद्धा. तो राग स्वतःवरच होता, हे तेव्हा कळलं.

"हात बघू," मी म्हटलं. डाव्या हाताने तिच्या दोन्ही अंगठ्यांच्या बुडाशी दाबलं. "दुखून राहिलं का?"

"न्हाई."

"नक्की?"

"हाव, दादा."

मग मी कॅमेऱ्याकडे पाहिलं.