हिरव्या शाईतल्या चौदा साड्या
परवा कपाट आवरताना हिरव्या शाईने लिहिलेला एक कागद निघाला, त्यावर चहाच्या बशीचा गोल डाग अजून तसाच होता. गारपिटीच्या पाहणीला दिल्लीहून एक सहसचिव आले होते आणि त्यांच्या दिमतीला मी, तहसीलमधला कारकून. सकाळी विश्रामगृहात त्यांनी मला अहवाल झेरॉक्स करायला दिला. त्यात ‘प्रत्यक्ष पाहणीत’ द्राक्षबागांचं नुकसान किरकोळ आढळल्याचं लिहिलं होतं. पाहणीला तर आम्ही अजून निघायचे होतो! माझ्या मनात पाल चुकचुकली. सायखेड्याजवळच्या एका बागेत मात्र साहेब बूट घालूनच चिखलात उतरले. फुटलेल्या मण्यांचा आंबूस वास सुटला होता, गारांपासून वाचवायला घडांवर बांधलेल्या साड्यांच्या चिंध्या झाल्या होत्या. बागेच्या मालकीणबाई मला म्हणाल्या, “चौदा साड्या बांधल्या, लग्नातली बी सोडली नाय. पण हे सायेब लिवत्यात का नुसती मान हालवत्यात?” मी हिंदीत सांगितलं. साहेब हसले, खिशातलं हिरवं पेन काढून त्यांनी सगळं लिहून घेतलं. उगाच संशय घेतला म्हणून मीच ओशाळलो. संध्याकाळी ते गेल्यावर खोली बघायला गेलो, तर तो कागद टेबलावर बशीखाली पडला होता. सकाळचा अहवाल तेवढा ते सोबत घेऊन गेले होते. बाई अजून बाजारात भेटतात आणि विचारतात, “त्या सायबानं लिवलं व्हतं ना?” “हो, चौदाच्या चौदा,” मी सांगतो. त्यात एक शब्दही खोटा नाही, आणि म्हणूनच त्यांच्याकडे बघवत नाही.