दार उघडणारी बाई

आखाती युद्धात मी सौदीतल्या जुबैलला एसी मेकॅनिक होतो. विषारी गॅसच्या धास्तीने लोक घरातली एक खोली प्लॅस्टिक आणि टेप लावून बंद करून घेत. कंपनीच्या वसाहतीत एका युरोपियन इंजिनिअरच्या घरी मी तेच काम करत होतो, तेवढ्यात सायरन वाजला. साहेब प्लांटवर होते. घरात एकट्या मॅडम, पन्नाशीच्या, ताठ मानेच्या. परक्या बाईबरोबर बंद खोलीत सापडलो तर इकामा, म्हणजे तिथं राहण्याचा परवाना, रद्द, म्हणून मी खोलीबाहेरच उभा राहिलो.

"आत या. पोलिसही आत्ता लपलेत," म्हणत तिने मला बाहीला धरून ओढलं आणि दाराच्या फटीवर शांतपणे टेप चिकटवली.

"दारांची मला सवय आहे," ती म्हणाली. "तरुणपणी तीन सिनेमे केले. तिन्हींत मोलकरीण. दार उघडून पाहुण्यांना वाट द्यायची. चौथा मिळाला नाही. पण दार माझ्यासारखं कुणी उघडलं नसेल!"

धोका टळल्याचा भोंगा झाला. मी सवयीने मागच्या दाराकडे वळलो. तिने मला थांबवलं, पुढचं दार सताड उघडलं आणि मान किंचित लववून बाजूला उभी राहिली.

सहा वर्षांत त्या वसाहतीतून मी पहिल्यांदाच पाहुण्यासारखा बाहेर पडलो.